जावयाने किती वाकायचं? ‘माय बिग फॅट ग्रीक वेडिंग’वरून

मधली_सुट्टी
रविवारी ‘माय बिग फॅट ग्रीक वेडिंग’ (२००२) पुन्हा पाहिला. ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: शिकागोत हॉटेल चालवणाऱ्या ग्रीक बापाची, गस पोर्टोकालोसची, तिशीतली मुलगी टुला ग्रीक नसलेल्या मास्तराच्या, इयान मिलरच्या, प्रेमात पडते आणि घरात भूकंप होतो. हसून पोट दुखलं, ते दरवेळी दुखतंच. पण इयानच्या बाप्तिस्म्याला हसू मावळलं. उघडाबंब बाप्या प्लॅस्टिकच्या हौदात उभा, अंगाला तेल चोपडलेलं, समोर अख्खं खानदान. त्याने पंथ बदलून ग्रीक ऑर्थोडॉक्स पंथ घेतला. चुलतभावांनी चावट ग्रीक वाक्यं शिकवून चारचौघांत फजिती केली ती सोसली. तो मांस खात नाही म्हटल्यावर मावशी म्हणते, हरकत नाही, कोकराचं करते! शेवटी सासऱ्याने दिलेल्या घरात, सासऱ्याच्याच शेजारी राहायला गेला. पोर्टोकालोसांनी काय सोडलं? एवढी एकतर्फी तडजोड आपण गोड मानून गिळतो, कारण वर बकलावा (त्यांची मिठाई) ठेवलाय.
(मी स्वतः जावई आहे, हे आधीच सांगून टाकतो.)

कडू_कारलं
साफ असहमत. गसला जगातला प्रत्येक शब्द ग्रीक वाटतो, जपानी ‘किमोनो’सुद्धा तो हिवाळ्याच्या ग्रीक शब्दावरून काढून दाखवतो. तोच माणूस लग्नातल्या भाषणात मिलर म्हणजे सफरचंद, पोर्टोकालोस म्हणजे संत्रं, शेवटी सगळी फळंच, असं म्हणतो. ज्या खोडीने अख्खा सिनेमाभर लोकांना पिडलं, तिच्यातूनच त्याने वाट काढली. हे सोडणंच झालं की.
आणि लिहिणारी कोण? निया वार्दालोस, तशाच ग्रीक घरातली पोर. आधी तिचा एकपात्री प्रयोग होता. अभिनेत्री रीटा विल्सनने (तिची आई ग्रीक) तो पाहिला, मग ती आणि तिचा नवरा टॉम हँक्स निर्माते झाले. वार्दालोसचा तेव्हाचा खरा नवरा इयान गोमेझ यानेही लग्नाआधी पंथ बदलला होता. सिनेमात तो नायकाचा मित्र झालाय. मग तक्रार कुणाची?

मधली_सुट्टी
त्याची नसेल, माझी आहे. अमेरिकेतलं ग्रीक ऑर्थोडॉक्स चर्च दुसऱ्या पंथात रीतसर बाप्तिस्मा झालेल्या ख्रिस्ती माणसाशीही लग्न लावून देतं. सिनेमा त्या वाटेकडे बघतसुद्धा नाही, थेट हौद!

आत्याबाई
जावयाचं काय घेऊन बसलात? पोरीकडे बघा. टुलाला हॉटेल सोडून ट्रॅव्हल एजन्सीत काम करायचंय. सरळ विचारायची सोय नाही. मग आई, मावशी आणि ती बापासमोर नाटक बसवतात. मावशी रडगाणं गाते की ड्राय-क्लीनिंग आणि एजन्सी दोन्ही सांभाळताना जीव जातो, बाकीच्या दोघी चेहरा कोरा ठेवून बसतात आणि गसला वाटतं टुलाला तिथे पाठवायची कल्पना आपलीच. प्रसंग फक्कड आहे, मीही हसते. पण तिशीच्या बाईला नोकरी बदलायला तीन बायकांचं कारस्थान लागतं, आणि आई त्याचं तत्त्वज्ञान सांगते: पुरुष डोकं, बायको मान, मान वळेल तिकडे डोकं वळतं. माझ्या सासूबाई हेच म्हणायच्या, फक्त त्यांची मान आयुष्यात कधी वळलेली मी पाहिली नाही.

नऊ_वाजताची_लोकल
खरा अन्याय मिलरांवर, इयानच्या आईबापांवर! दोन माणसं चार शब्द बोलतात, म्हणून ती निर्जीव? बिचारी सूनमुख बघायला केक घेऊन जातात, तर विहीणबाई मधल्या भोकात कुंडी ठेवून आणतात. गोंगाट म्हणजे माया आणि शांतता म्हणजे कोरडेपणा, हे समीकरण मला पटत नाही. आमच्या घरात तिघं आहोत, टीव्हीही हळू लावतो. मजेत आहोत.

शिकागो_रिटर्न
तिथे सहा वर्षं काढली म्हणून लिहितो. (चित्रीकरण बरंचसं टोरांटोत झालंय, ते असो.) हॅल्स्टेड रस्त्यावरच्या ग्रीकटाउनचा मोठा भाग १९६०च्या दशकात विद्यापीठाच्या आवारासाठी पाडला गेला. अमेरिकेच्या १९२४च्या कायद्याने ग्रीसहून येणाऱ्यांचा कोटा वर्षाला अवघ्या १००वर आणला होता, तो कोटापद्धतीचा कायदा १९६५ला गेला. इतकं मोजून-मापून आत घेतलेली माणसं घराला खांब आणि पुतळे लावणार, मुलांना ग्रीक शाळेत धाडणारच. नातवाला आजोबांचं नाव ठेवायची रीत, म्हणून पाहुण्यांची ओळख करून देताना निकमागून निक.
गसची आई दिसेल त्याला तुर्क समजून हाणते, त्यावर थेटर हसतं. १९२२मध्ये स्मिर्ना (आजचं तुर्कस्तानातलं इझमिर) जळलं, १९२३च्या ग्रीस-तुर्कस्तान लोकसंख्येच्या अदलाबदलीत दहा लाखांवर ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती ग्रीसमध्ये आले. सिनेमा यातलं काही सांगत नाही. पण हीच म्हातारी लग्नाच्या आदल्या रात्री आपली पेटी उघडून नातीला स्वतःचा नवरीपणीचा फोटो दाखवते. मला तेव्हा हसू येत नाही.

बाराखडी
गसची पाठराखण: केंद्र, सुरुंग आणि दाम हे तीन शब्द मुळात ग्रीकच. किमोनो मात्र नाही.

कडू_कारलं
बाराखडी, हे त्याला कळलं असतं तर आणखी तासभर भाषण झालं असतं. बाय द वे, सुमारे ५० लाख डॉलरांत काढलेल्या या सिनेमाने एकट्या अमेरिकेत २४ कोटींवर कमावले, तेही कुठल्याच आठवड्यात पहिल्या नंबरवर न जाता. एवढ्या लोकांना काहीच खुपलं नाही?

आत्याबाई
खुपलं असेल. वर विंडेक्स (काचा पुसायचा फवारा) मारलं असेल. गस मुरमापासून सगळ्यावर तेच मारतो ना, आमच्याकडचं कैलास जीवन!

मधली_सुट्टी
बायकोने धागा वाचला. रविवारी तिच्या माहेरी जेवायला बोलावलंय. मी मटण सोडलंय हे सासूबाईंना कळवलं. म्हणाल्या, अहो मग चिकन करते.