जेठ सुटून आले, पण घरात वावरत नाहीत

चोपड्याची सून :
आमचे जेठ बरीच वर्षं कच्चे कैदी होते. पोळ्याच्या आधी निर्दोष सुटले. दार नुसतं लोटलेलं असलं तरी उंबऱ्याशी उभे राहतात, कुणीतरी उघडेल म्हणून. साडेपाचलाच ताट मागतात. दिवा मालवला की झोप नाही. परवा विचारलं, "भाऊ, कळण्याची भाकरी करू का पोळी?" घामच फुटला त्यांना. "तुम्ही द्याल ते," म्हणाले. सासूबाईंना बाहेरची बाधा वाटते, भगताकडे न्यायचं म्हणतात. आमचे हे म्हणतात, सोंग आहे. काय करू?

धुळेकर :
ताई, १९३२ साली विनोबा धुळ्याच्या तुरुंगात दर रविवारी गीतेवर बोलायचे आणि साने गुरुजी लिहून घ्यायचे. मन खंबीर असलं की भिंती काही करत नाहीत.

भुसावळचा निवृत्त जेल शिपाई :
धुळेकर, गुरुजींना विनोबांची सोबत होती, आणि आपण आत का आहोत हे पक्कं ठाऊक होतं. कच्च्या कैद्याला फक्त पुढची तारीख माहीत असते, तीही पुढे जाते.
ताई, सोंग नाही हे. संध्याकाळी लवकर जेवण, मग गिनती, मग बराक बंद. दिवा रात्रभर जळतो. उठायचं कधी, खायचं काय, सगळं दुसराच ठरवतो. वर्षानुवर्षं असं गेलं की मन स्वतः ठरवणं सोडून देतं, कारण आत तेच सोयीचं पडतं. बाहेर साधा प्रश्नही परीक्षा वाटतो. एकांतकोठडी तर याहून वाईट. संयुक्त राष्ट्रांच्या २०१५च्या मंडेला नियमांत सलग १५ दिवसांपेक्षा जास्त एकांतवासाला मनाई आहे, ती उगाच नाही.
सध्या भाकरी-पोळी विचारू नका, वाढा. झोपताना दिवा राहू द्या. घराची किल्ली मात्र त्यांच्याकडे द्या, रात्री कडी त्यांनाच लावू द्या. भगत नको. १४४१६ वर टेली-मानस आहे, मनाच्या त्रासासाठीची सरकारी हेल्पलाइन, फुकट, मराठीत बोलतात.

चोपड्याची सून :
किल्ली दिली. रात्रभर कडी काढत होते, लावत होते. सासूबाई जाम वैतागल्या! १४४१६ वर बोलले, डॉक्टरांना दाखवा म्हणाले. मंगळवारी सिव्हिलला नेते. हे येत नाहीत, नणंद येतेय.