सौर क्रांती: सूर्याची नव्हे, मग कशाची?

निळी_शाई
एका अनुवादात अडले आहे. अफगाणिस्तानचा धावता इतिहास, तीनशे पानं. २७ एप्रिल १९७८ ला काबूलमध्ये डाव्या अधिकाऱ्यांनी अर्ग राजवाड्यावर रणगाडे आणि विमानं घातली. राष्ट्राध्यक्ष दाऊद खान आणि त्यांच्या घरातली बरीच माणसं मारली गेली, आणि खल्क-परचम गटांचा साम्यवादी पक्ष सत्तेवर बसला. या प्रकरणाचं प्रचलित नाव 'सौर क्रांती'. मी तेच ठेवलं. संपादकांचा शेरा आला: "येथे सौरऊर्जेचा संदर्भ कळला नाही." नवरा अजून हसतोय.

सौर हा अफगाण कालगणनेतला महिना. तो तसाच ठेवू का? आणि पुढे क्रांती म्हणू, उठाव म्हणू की बंड? पुस्तकात १८४१ पासून अशी सात-आठ प्रकरणं आहेत. मूळ लेखक प्रत्येक वेळी वेगळा शब्द काढतो, माझ्या हातून मात्र फिरून फिरून 'उठाव'च उतरतो.

भुसार_लाईन
उठाव म्हणजे आमच्याकडे गिऱ्हाईक. "तुरीला उठाव नाही" हे वाक्य मी दिवसातून दहादा बोलतो. 'हेरातमध्ये उठाव' असा मथळा वाचला तर मी आधी भाव विचारीन. हलके घ्या.

ठाणेकर_आजोबा
शाईताई, तुमच्या संपादकांना हसू नका. मी चाळीस वर्षं पंचांग चाळतोय. मला 'सौर क्रांती' वाचून ऊर्जा नाही आठवली, सूर्याची क्रांती आठवली, म्हणजे विषुववृत्तापासूनचं त्याचं अंतर. ती जास्तीत जास्त साडेतेवीस अंश भरते. क्रांतिवृत्त, संक्रांत, सगळं 'क्रम्'वरून, पाऊल टाकणे. राजा मारण्याशी त्या धातूचा काही संबंध नाही.

मोडीवाला
सौर म्हणजे अरबीतला 'थौर', बैल. म्हणून वृषभ. अफगाण महिने राशींचेच आहेत: हमल मेष, सौर वृषभ, हूत मीन. अरबी 'थ'चा फारसीत 'स' होतो, आणि तिथून आपल्याकडे आला तोही 'स' होऊनच. आपला 'वारस' मुळात वारिथ, 'मिरास' मुळात मीराथ. तेव्हा मिरासदारांनी तरी 'सौर'ला परका म्हणू नये. गंमत म्हणजे अरबीत क्रांतीला 'थौरा' म्हणतात, अक्षरं तीच. बैल उधळतो तशी प्रजा उधळते, असं माझं आपलं घरगुती अनुमान.

शुद्धमती
घरगुती अनुमान घरातच ठेवावं. अक्षरं सारखी म्हणून अर्थ एक होत नाही. आणि मराठी वाचकाला हमल-हूत कशाला? सरळ 'वैशाख क्रांती' लिहा. 'वृषभ क्रांती'ही चालेल.

ठाणेकर_आजोबा
'वृषभ' अजिबात चालणार नाही! आपलं पंचांग निरयन, म्हणजे स्थिर ताऱ्यांवरून राशी मोजणारं. २७ एप्रिलला सूर्य मेषेत असतो, वृषभेत जातो तो १४-१५ मेच्या सुमारास. त्यांची गणना सायन, म्हणजे वसंतसंपातापासून मोजलेली, म्हणून त्यांचा वृषभ महिना २१ एप्रिलच्या आसपास सुरू होतो.

वैशाख मात्र चुकून बरोबर आला आहे. आकाशवाणीवर पूर्वी "भारतीय सौर" म्हणून तारीख सांगायचे, आठवतंय का? त्या राष्ट्रीय दिनदर्शिकेत वैशाख २१ एप्रिललाच लागतो. आत्ता कागदावर मांडून पाहिलं. २७ एप्रिल १९७८ म्हणजे भारतीय सौर ७ वैशाख, शके १९००. आणि अफगाण तारीख ७ सौर १३५७. तारखेचा आकडासुद्धा तोच! मी उठून बायकोला सांगून आलो.

निळी_शाई
आजोबा, दंडवत! पण 'वैशाख क्रांती' लिहिलं तर संपादक विचारतील, वणव्याचा संबंध काय.

दर्यासारंग
जाता जाता, माझं बालपण कुलाब्यातलं. बसचा कंडक्टर "अफगाण चर्च" ओरडायचा आणि मला वाटायचं तिथे पठाण प्रार्थनेला जातात. मोठेपणी आत जाऊन पाट्या वाचल्या. पहिल्या अफगाण युद्धात आणि सिंधच्या मोहिमेत मेलेल्या मुंबई फौजेच्या लोकांचं ते स्मारक, १८५८ सालचं. म्हणजे एकीकडे १८५७ निवतंय न निवतंय आणि दुसरीकडे हे काबूलच्या मेलेल्यांना चर्च बांधतायत.

मोडीवाला
काबूलचा विषय निघालाच आहे तर १८४१ चं बघा. इंग्रजांनी १८३९ मध्ये जुन्या पदच्युत राजाला, शाह शुजाला, काबूलच्या गादीवर बसवलं. घाटवाटा खुल्या ठेवण्यासाठी पूर्वेकडच्या गिलजी टोळ्यांना तनखा मिळायचा. इंग्रजांच्या काबूलमधल्या वकिलाने, मॅकनॉटनने, काटकसर म्हणून तो निम्म्यावर आणला. गिलज्यांनी काबूल-जलालाबाद वाट बंद केली. २ नोव्हेंबरला काबूलमध्ये बर्न्स या इंग्रज अधिकाऱ्याचा खून झाला, २३ डिसेंबरला खुद्द मॅकनॉटनचा. जानेवारीत इंग्रजांचे साडेचार हजार सैनिक आणि बाराएक हजार बाजारबुणगे बर्फातून निघाले. १३ जानेवारी १८४२ ला डॉक्टर ब्रायडन घोड्यावर जलालाबादला पोचला. थोडे कैदेत वाचले, बाकी खिंडींत संपले.

याला 'बंड' म्हणायचं तर कोणाविरुद्ध? शुजा तर इंग्रजांनी आणून बसवलेला. माझं मत: पुंडावा. तनखा थांबला की वाट अडवायची, याला जुन्या कागदांत हाच शब्द.

शुद्धमती
पुंड म्हणजे गुंड. वा! स्वतःच्या देशात शिरलेल्या फौजेशी लढणारे लोक पुंड? हेच इंग्रज साहेब १८५७ ला बंड म्हणत होते आणि आपण स्वातंत्र्यसमर म्हणायला शिकलो. मग काबूलला वेगळा न्याय का?

मोडीवाला
कारण गिलजी स्वातंत्र्यासाठी नाही, तनख्यासाठी उठले होते. निदान सुरुवातीला.

शुद्धमती
१८५७ ला वतनं गेलेलेही होतेच की. त्यांना पुंड म्हणा बघू इथे.

वाचनमात्र
पॉपकॉर्न आणले आहेत.

भुसार_लाईन
बाजारबुणगे सैनिकांच्या तिप्पट? पानिपतावरही आपलं हेच झालं होतं ना. शब्द बाकी चपखल.

निळी_शाई
मला 'हस्तक्षेप'ही नडतोय. सासूने सुनेच्या आमटीत मीठ टाकलं तर तो हस्तक्षेप. डिसेंबर १९७९ मध्ये सोव्हिएत फौजा उतरल्या, ताजबेग महालात तेव्हाच्या सत्ताधारी अमीनला मारलं आणि थेट १५ फेब्रुवारी १९८९ ला परतल्या. यालाही हस्तक्षेपच? 'आक्रमण' लिहिलं तर संपादक म्हणतात, मूळ लेखकाने मुद्दाम सौम्य शब्द वापरलाय.

मोडीवाला
स्वारी म्हणा. आणि हस्तक्षेपाची खरी गंमत १८३८ च्या सिमल्याच्या जाहीरनाम्यात आहे. परकीय हस्तक्षेपापासून शाह शुजाला राखण्यासाठी इंग्रजी फौज सोबत जाईल, असं त्यात लिहिलंय. म्हणजे जो हात घालतो तो स्वतःच्या हाताला परका म्हणतच नाही.

रानजाई
उशिरा आले. दाऊदचा शेवट क्रांती होती हे मला मान्य नाही, तो सत्तापालट. दाऊदने तरी काय केलं होतं? जुलै १९७३ मध्ये राजा झाहीर शाह इटलीत असताना चुलतभावाची गादी काढून घेतली. तोही सत्तापालट, फक्त रक्त न सांडता. खरा लोकांचा उठाव मार्च १९७९ चा, हेरातचा. २४ हूत. शहर उठलं, मागोमाग तिथली सतरावी डिव्हिजन सरकारविरुद्ध फिरली, पुढे मुजाहिदीनचा पुढारी झालेला इस्माईल खान त्यातलाच एक अधिकारी. मराठी वर्तमानपत्रं मात्र दोन्हींना 'उठाव'च म्हणतात: चार सेनापतींनी राजवाडा घेतला तरी 'लष्करी उठाव' आणि शहर रस्त्यावर आलं तरी 'उठाव'. शाईताईंची अडचण तिथे आहे, सौरमध्ये नाही.

निळी_शाई
अगदी हेच! हेरातमध्ये तर दोन्ही एकदम झालं, लोकही आणि सैन्यही. तिथे काय लिहू?

शुद्धमती
सैन्याने केलं ते 'बंड', लोकांनी केला तो 'उठाव'.

मोडीवाला
आणि १९२९ चा हबीबुल्लाह कलकानी? ताजिक, भिस्त्याचा पोर, म्हणून 'बच्चा-ए-सक्का'. राजा अमानुल्लाहला पळवून नऊ महिने काबूलवर राज्य केलं. तो ना सैन्य, ना सगळे लोक. मग त्याला हटवायला नादिर खान टोळ्यांचं 'लष्कर' घेऊन आला. इथे पुन्हा खड्डा आहे बरं का. पश्तूत लष्कर म्हणजे टोळ्यांनी जमवलेली हंगामी फौज, आपल्याकडे पगारी.

दर्यासारंग
आणि पुण्यात लष्कर म्हणजे केक आणि कपडे.

अवांतर: तो अमानुल्लाह पुढे मुंबईमार्गेच युरोपात गेला. त्याची एक मुलगी इथेच १९२९ मध्ये जन्मली, नाव ठेवलं इंडिया.

नवा_सदस्य_४४
नमस्कार. शेतीपंपाच्या अनुदानाची चौकशी याच धाग्यावर करायची का? शीर्षकात सौर दिसलं म्हणून आलो.

भुसार_लाईन
बसा दादा. इथे सगळ्यांचेच अर्ज अडकलेत.

रानजाई
१९९२ नंतरचं काय लिहिलंत? ८ सौर, म्हणजे २८ एप्रिलला मुजाहिदीन काबूलात आले आणि मग मसूद, हिकमतयार, दोस्तम हे म्होरके एकमेकांवर तोफा डागत बसले. तिथे यादवी घाला, दुसरा शब्द शोधू नका.

शुद्धमती
चला, एक तरी आपला शब्द आला.

मोडीवाला
आपला कसला, द्वारकेचा. आणि काबूलकरांना यादव म्हणताना मौज वाटते. बाकी अफगाण लोकांसाठी आपल्याकडे अस्सल शब्द आहे: गिलचा. पानिपतच्या बखरींत पानोपानी गिलचे. तो गिलजीवरून आला. आणि खुद्द अब्दाली गिलजी नव्हताच! तो अब्दाली, पुढचा दुराणी. या दोन्ही कुळांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं वाकडं. कंदाहारात १७०९ मध्ये इराणी सुभेदाराला मारून उठला तो मीरवैस मात्र गिलजी. आपण शत्रूला त्याच्याच भाऊबंदांचं नाव दिलं.

ठाणेकर_आजोबा
मग ७ सौरला झालं काय? दाऊदनंतर सत्तेवर बसलेला तराकी कोण, दाऊद कोण?

रानजाई
दाऊद दुराणी, तराकी आणि अमीन दोघंही गिलजी. मधला कलकानी सोडला तर १७४७ पासून गादी दुराणींकडेच होती. बाहेर मार्क्स होता, आत हेही होतंच.

भुसार_लाईन
म्हणजे गिलचे अखेर काबूलला १९७८ मध्ये पोचले.

मोडीवाला
मग शाईताई, लिहून टाका, 'गिलचेगर्दी'.

शुद्धमती
'गर्दी' फारसी आहे.

मोडीवाला
'फारसी' हा शब्दसुद्धा फारसीच आहे.

निळी_शाई
मंडळी, काम उद्या द्यायचंय. तूर्त '७ सौरचा सत्तापालट' लिहिलंय. अफगाण लोकही नुसतं 'हफ्त-ए-सौर', 'हश्त-ए-सौर' असंच म्हणतात. खाली टीप: सौर म्हणजे वृषभ मास. हेरातचं वाक्य अजून कोरं आहे.

ठाणेकर_आजोबा
टिपेत 'सायन वृषभ' लिहा. नाहीतर मला पुन्हा यावं लागेल.