मदत हवी आहे: १९०१ च्या मूकपटातल्या बॉक्सर बहिणींचा खरा वेग कसा ठरवायचा?

नमस्कार मंडळी,

संध्याकाळी माझ्याकडे पंधरा-सोळा मुली बॉक्सिंग शिकायला येतात. गेल्या रविवारी त्यांना 'गॉर्डन सिस्टर्स बॉक्सिंग' दाखवली. एडिसनच्या कंपनीची १९०१ सालची ही छोटीशी फिल्म. मागे बागेचा रंगवलेला पडदा, पुढे झगे घातलेल्या दोन बायका, हातांत ग्लोव्ह्ज. पण सगळं इतकं भराभर हललं की मुली हसत सुटल्या. एकीने विचारलं, "ताई, या खरंच मारतायत की नुसतं नाटक?" मला नीट उत्तर देता आलं नाही, आणि ते फार लागलं. महिला बॉक्सिंग ऑलिंपिकमध्ये यायला २०१२ उजाडलं. त्याच्या एकशे अकरा वर्षं आधी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिलेल्या बायका हसण्यावारी जायला नकोत.

त्या व्हॉडव्हिलच्या, म्हणजे तिकडच्या व्हरायटी शोच्या कलाकार होत्या, त्यामुळे रंगमंचाचा भाग त्यात असणारच. तरी गार्ड (बचावासाठी हात धरण्याची पद्धत), जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा), फुटवर्क मला नीट पाहायचं आहे, आणि त्यासाठी वेग बरोबर हवा.

अडचण इथेच आहे. कॅमेऱ्याचा वेग तेव्हा ठरलेला नसायचा. सेकंदाला २४ फ्रेम्स, म्हणजे २४ स्थिर चित्रं, हे प्रमाण बोलपटांनी आणलं. मी मूळ चित्रण सेकंदाला १६ फ्रेम्सचं धरून प्लेअरचा वेग ०.६७ वर (१६ भागिले २४) आणला, तर हालचाल अडखळते. एकेक फ्रेम पुढे सरकवून पाहिलं, तेव्हा माझ्या फाइलमध्ये दर पाचवी फ्रेम आधीच्या फ्रेमची नक्कल निघाली. शिवाय १८९० च्या दशकात एडिसनकडे सेकंदाला ४० फ्रेम्सच्या आसपासही चित्रण होत असे, म्हणजे १६ हा आकडाच चुकीचा असू शकतो. त्यात ही फिल्म टिकली ती कागदावर. १९१२ पर्यंत अमेरिकेत सिनेमाची कॉपीराइट नोंद फोटो म्हणून व्हायची, त्यासाठी अख्खी फिल्म कागदी पट्टीवर छापून देत. पुढे त्या पट्ट्यांवरून पुन्हा फिल्म काढली.

तर जाणकारांनो, नक्कल फ्रेम्स काढून टाकायला फुकटातलं कुठलं सॉफ्टवेअर बरं? आणि मूळ वेग ताडायचा कसा? उडी मारून पाय जमिनीला टेकेपर्यंतच्या किंवा झग्याचा घेर खाली बसेपर्यंतच्या फ्रेम्स मोजून हिशोब जमेल का? कुणी केलंय?

१९१० च्या आधीच्या, बायका बॉक्सिंग करतायत अशा आणखी फिल्म्स माहीत असतील तर त्याही सांगा. येत्या रविवारी मुलींना पुन्हा दाखवणार आहे.