मदत हवी आहे: ६० लाखांच्या गृहकर्जाचा खरा हिशोब कसा मांडायचा?

नमस्कार मंडळी. भांडुपला ८० लाखांचा वन बीएचके बघितलाय. ६० लाख कर्ज, २० वर्षं, ८.५ टक्के फ्लोटिंग, म्हणजे बदलता व्याजदर. हप्ता साधारण ५२,०७०. झेपेल असं वाटलं होतं, पण काल रात्री हप्त्यांचा तक्ता उघडला आणि झोपच उडाली. पहिल्या हप्त्यातले ४२,५०० नुसतं व्याज, मुद्दल फिटतं जेमतेम साडेनऊ हजार! वीस वर्षांत एकूण भरणार सव्वा कोटीच्या आसपास.

वर ६ टक्के स्टॅम्प ड्युटी म्हणजे ४ लाख ८० हजार (एकट्या बायकोच्या नावावर घेतलं तर एक टक्का वाचतो, ती आत्तापासूनच खूश आहे), नोंदणीचे ३० हजार, शिवाय सोसायटीचा मेंटेनन्स कायमचाच.

खरी भीती वेगळीच आहे. दादाच्या कर्जाचा दर वाढला तेव्हा बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली, त्याला कळलं दोन वर्षांनी.

फ्लोटिंगवर प्रीपेमेंटचा (मुदतीआधी जादा पैसे भरण्याचा) दंड नाही, हे माहीत आहे. मग दरवर्षी बोनसमधून एक जादा हप्ता भरला तर मुदत कमी करून घ्यावी की हप्ता? बँकेला तसं लेखी द्यावं लागतं का? आणि कर्जासोबत गळ्यात मारतात तो विमा तुम्ही घेतलात का? स्वतः कर्ज फेडलेल्यांनी कृपया सांगा. शनिवारी टोकन द्यायचंय.