न आलेल्या ट्रॅकचं वेड: तुमचे अनुभव लिहा

२०१५च्या जानेवारीत एफेक्स ट्विन या ब्रिटिश इलेक्ट्रॉनिक संगीतकाराने, म्हणजे रिचर्ड जेम्सने, साउंडक्लाउडवर ‘यूजर’ नि पुढे आकडे अशा नावाच्या खात्यातून आपला जुना माल ओतायला घेतला. बघता बघता २०० हून अधिक अप्रकाशित ट्रॅक! तुम्हालाही कधी अशा न आलेल्या ट्रॅकने झपाटलंय? निर्माता कुठलाही चालेल, अगदी पंचवटीतला पोरगासुद्धा. नाशिककरांनो, लिहा. लिंका मात्र नकोत.

गंगापूर रोड
तेव्हा होस्टेलवर होतो, नेट रडकं. रात्रभर डाउनलोड लावून झोपायचो. काही ट्रॅक असे अर्धवट वाटायचे, जणू त्याला मध्येच कोणी जेवायला हाक मारली. तेच जास्त आवडले.

नाशिकरोड
एफेक्स ट्विनचाच ‘कॉस्टिक विंडो’ अल्बम १९९४चा. चाचणीच्या मोजक्याच तबकड्या निघाल्या नि काम तिथेच थांबलं. २०१४ला चाहत्यांनी वर्गणी काढून त्यातली एक विकत घेतली, वर्गणीदारांना डिजिटल प्रत मिळाली. मग तबकडीचा लिलाव झाला. माइनक्राफ्ट हा गेम बनवणाऱ्या मार्कस पेर्सनने ती ४६,३०० डॉलरला नेली! आमच्या मंडळाला एवढ्यात मांडव, रोषणाई आणि दहा वर्षांचे मोदक झाले असते.

सिडको
आमच्याकडे अनरिलीजची तऱ्हाच वेगळी. ट्रॅक बनवणारा फाइल देतो फक्त ओळखीच्या साउंडवाल्याला. इन्स्टावर अर्ध्या मिनिटाची झलक, त्यातही दर चार ठेक्यांनी स्वतःचं नाव ओरडलेलं, म्हणजे कोणी ढापू नये. मग मिरवणुकीत गाडीसमोर मोबाइल उंच धरून रेकॉर्ड करायचं. बेसने माइक फाटतो, शिट्ट्या येतात, कोणीतरी ‘ए सरक’ म्हणतं. वर्षभर तेच ऐकतो. एकदा असा ट्रॅक रीतसर आला, एकदम स्वच्छ. ‘ए सरक’ नाही म्हटल्यावर मजाच गेली, राव.

कॉलेज रोड
डीजे सेटच्या यादीत गाण्याच्या जागी ‘आयडी’, म्हणजे नाव माहीत नसलेला ट्रॅक, दिसलं की माझी झोप उडालीच. स्वीडिश डीजे अवीची २०१८ला गेला. त्याचे काही ट्रॅक अजून लाइव्ह सेटच्या रेकॉर्डिंगमध्येच आहेत, लोक तुकडे जोडून ऐकतात.

देवळाली
मी स्वतः ट्रॅक बनवते, म्हणून थोडं कडू बोलते. विश्वासाने एकाला कच्ची फाइल दिली, आठवड्यात ती सगळ्यांच्या व्हॉट्सॅपवर. किक (ड्रमचा मुख्य ठोका) चुकीची, मास्टरिंग (आवाजाची शेवटची सफाई) नाही, आणि लोकांना तीच ‘ओरिजनल’ वाटते. ‘ताई, फाइल दे ना’ म्हणणाऱ्यांनो, थांबा जरा.

सिडको
ताई, पटलं. पण पूर्ण झाला की टाकणार ना?

देवळाली
किक बसली तर. दादा, तोवर मोबाइल खाली.