हुंकारपंथाचा देव खरा असावा की नसावा?

कंदीलवाला (धागाकर्ता)
गेली दोन वर्षं एक कादंबरी लिहितोय. जग पूर्ण काल्पनिक. त्यातला एक पंथ मला फार प्रिय झालाय आणि नेमकं त्याच्यापाशीच अडलंय.

हुंकारपंथी मानतात की हे जग म्हणजे कोणीतरी सांगत असलेली गोष्ट आहे. गोष्ट सांगणाऱ्याला समोरून 'हूं' लागतो. हुंकार थांबला की तो समजतो, ऐकणारं झोपलं, आणि गोष्ट तिथेच सोडून देतो. म्हणून मठात रात्रभर पाळीपाळीने कोणीतरी जागं राहून हुंकार देतं. बस्स, एवढीच उपासना. मूर्ती नाही, नवस नाही. गोष्टीला अमुक वळण दे म्हणणं हे महापाप, कारण ऐकणाऱ्याने मध्ये बोलायचं नसतं. पोचलेल्यांना 'जागे' म्हणतात. दोन हुंकारांच्या मधल्या शांततेत त्यांना सांगणाऱ्याचा आवाज येतो म्हणे. काय ऐकलं ते कोणी सांगत नाही.

माझा बेत असा: शेवटच्या भागात सीमेवरच्या मठातले सगळे साथीत दगावतात, एक रात्र हुंकार चुकतो आणि सकाळी उत्तरेचं अख्खं खोरं नाहीसं. नकाशातूनही आणि लोकांच्या आठवणीतूनही. (आठवणीतून गेलं तर नाहीसं झालं हे कळलं कोणाला, हा प्रश्न मलाही पडलाय.) पहिल्या वाचकाने हे ऐकून 'इथे पंथ मेला' असं सांगितलं. मला पटत नाही. जादूच्या जगात देव खरा असला तर बिघडलं कुठे?

अर्धविराम
वाचकाचं बरोबर आहे. खोरं गेलं त्या क्षणी तुमचा पंथ म्हणजे पाणीपुरवठा खातं झालं. रात्रपाळी चुकली, नळ बंद. यात गूढ काय राहिलं?

मेक्सिकोतल्या जुन्या अझ्टेक लोकांचं बघा. दर ५२ वर्षांनी ते राज्यातले सगळे अग्नी विझवत आणि अंधारात डोंगराकडे डोळे लावून बसत. कृत्तिका माथ्यावरून पुढे सरकल्या की बळी दिलेल्या माणसाच्या छातीवर नवा अग्नी घासून पेटवत. तो पेटला नाही तर सूर्य पुन्हा उगवणार नाही, अशी धास्ती. शेवटचा सोहळा १५०७ सालचा. पुढची पाळी १५५९ मध्ये यायची होती, पण १५२१ मध्येच त्यांची राजधानी पडली. सूर्य अर्थातच उगवत राहिला. मला त्या विधीने झोप येईना ती यामुळेच, की त्यांना कधीच खात्री करून घेता आली नाही. तुम्ही खात्री करून देताय.

खडूफळा
म्हणजे देव खोटा असेल तरच भक्ती खरी? अजब आहे. हा संशय आपल्या जगातला, तो उगाच दुसऱ्याच्या जगात नेऊन का लावायचा?

विल्यम जेम्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९०२ मध्ये गूढानुभवाच्या चार खुणा सांगितल्या: तो शब्दांत मावत नाही, त्यातून काहीतरी कळल्याची खात्री होते, तो फार वेळ टिकत नाही आणि आपण केला नसून आपल्यावर झाला असं वाटतं. यात देव नसावा अशी अट कुठे आहे? राजा आहे हे अख्ख्या राज्याला ठाऊक असतं, म्हणून सगळ्यांना त्याची भेट होते का?

खोरं जाऊ द्या खुशाल. मला खटकतंय ते भलतंच. 'जागे सांगत नाहीत' एवढ्याने भागत नाही. का सांगत नाहीत? प्राचीन ग्रीसमध्ये एल्युसिस गावचे गुप्त धार्मिक विधी बाहेर फोडले तर देहदंड होता. इ. स. पूर्व ४१५ मध्ये अथेन्सचा सेनापती अल्किबियाडिस याच्यावर त्या विधींच्या विटंबनेचा आरोप आला आणि तो ऐन मोहिमेतून पळाला. महानुभावांनी ग्रंथ सांकेतिक लिपीत लिहून ठेवले. गुपित राखायला काहीतरी यंत्रणा लागते, नुसतं गंभीर तोंड पुरत नाही.

मिणमिण
दोघं देवावरून भांडताय, पण जागतंय कोण ते कोणी विचारत नाही.

हे प्रत्यक्षात झालंय. पाचव्या शतकात कॉन्स्टँटिनोपलमध्ये 'न झोपणारे' म्हणून ओळखले जाणारे ख्रिस्ती साधू होते, गट पाडून अहोरात्र स्तोत्रं म्हणायचे. आजच्या स्वित्झर्लंडमधल्या अगौनमच्या मठातही ५१५ पासून अशीच अखंड स्तुती चाले. मी स्वतः रात्रपाळी केलीय, म्हणून सांगते: पहाटे तीन-साडेतीनला माणूस उघड्या डोळ्यांनी झोपतो. तुमच्या प्रत्येक मठात कधी ना कधी सगळे एकदम पेंगलेले असणार. दचकून जागं झाल्यावर त्यांनी आधी काय पाहिलं असेल? खिडकीबाहेर सगळं जिथल्या तिथे आहे ना. आणि मग हे कोणाला सांगायचं? जागे काय सांगत नाहीत, त्याचं उत्तर मला तरी इथे दिसतं.

खडूफळा
म्हणजे सगळे भोंदू. छान.

मिणमिण
भोंदू कशाला? दुसऱ्या रात्री पुन्हा हुंकार द्यायला बसतातच की.

कंदीलवाला
मिणमिणताई, तुम्ही माझी झोप उडवलीत, हे पंथाला शोभेसंच झालं.

बदल करतोय. साथीत एक जण वाचतो. तापात त्याला डुलकी लागते. सकाळी खोरं नाही. आठवतं फक्त त्यालाच, बाकीचे म्हणतात तिथे पहिल्यापासून खडकच होता, तुला ताप चढला होता. आठवणीचा घोळही सुटला.

अर्धविराम
हे चालेल. आता तो उरलेलं आयुष्य काय करतो ते मी विकत घेऊन वाचेन.

खडूफळा
हा पळपुटेपणा आहे. निदान लेखकाला तरी ठाऊक हवं, खोरं होतं की नव्हतं.

कंदीलवाला
होतं हो. नायिकेचं आजोळ तिथलं. पहिल्या भागात चार प्रकरणं खर्ची घातलीत त्याच्यावर. ती आता काढावी लागणार, हे आत्ता टंकताना लक्षात आलं.

मिणमिण
काढू नका! वाचकाने ती वाचलेली असू देत. पुढे पुस्तकात कोणालाच आठवू नयेत, नायिकेलासुद्धा.

खडूफळा
मग वाचकाच्या लेखी खोरं होतं, म्हणजे देव खरा. जिंकलो ना मी?

अर्धविराम
वाचक म्हणतील, लेखक स्वतःचाच पहिला भाग विसरला.