जप्ती झाली म्हणजे पैसे आले असं नाही

कोणीतरी लिहिलंय की ठेवी बुडवणाऱ्या कंपनीची प्रॉपर्टी कोर्टाने जप्त केली म्हणजे ठेवीदारांचे पैसे आता महिन्या-दोन महिन्यांत सुटतील. एवढं सोपं असतं तर काय हवं होतं!

महाराष्ट्रात यासाठी १९९९ चा एमपीआयडी कायदा, म्हणजे ठेवीदारांच्या हितरक्षणाचा कायदा आहे. त्यात आधी सरकार अधिसूचना काढून मालमत्ता ताब्यात घेतं, कंपनीची नाही पुरली तर संचालक-भागीदारांचीही, मग सक्षम प्राधिकारी, म्हणजे बहुतेक वेळा उपजिल्हाधिकारी, ३० दिवसांत विशेष कोर्टात अर्ज करतो आणि तिथे सगळ्यांच्या हरकती ऐकून मग जप्ती कायम होते, लिलाव त्याच्यानंतर. आणि हरकत घेणारे किती! बँक म्हणते जागा आमच्याकडे तारण, फ्लॅट घेतलेला म्हणतो मी पूर्ण पैसे भरलेत, नातेवाईक म्हणतात हे तर आमच्या नावावर आहे.

एनएसईएलचंच, म्हणजे नॅशनल स्पॉट एक्सचेंज या वस्तूंच्या ऑनलाइन बाजाराचंच बघा ना. साधारण ५६०० कोटींचा घोळ २०१३ ला बाहेर आला आणि हा कायदा त्यांना लागू होतो की नाही एवढंच ठरायला सुप्रीम कोर्टात एप्रिल २०२२ उजाडला.

आमच्या काकांची पण एका बिल्डरकडे एफडी अडकलीय. जप्तीची नोटीस साइटच्या गेटवर चिकटवली होती, दोन पावसाळ्यांत अक्षरं पार धुऊन गेली, लिलाव अजून नाही. काका मात्र पावत्या लॅमिनेट करून बसलेत. ते एक बरं केलं, क्लेम फॉर्मला मूळ पावती दाखवावी लागली. तेव्हा तुमच्याही पावत्या आणि चेकच्या नोंदीचं पासबुक सांभाळून ठेवा, एजंटला ओरिजिनल अजिबात देऊ नका.